कार्लीनने लावलेली चेरी

मे महिन्याच्या अखेरीस एका पहाटे कडक हिव पडलं आणि नदीकाठची रानचेरी ऐन फुलोऱ्यात करपली. सकाळी पांढरे होते ते घोस दुपारी कॉफीच्या चोथ्यासारखे दिसू लागले. ऑगस्ट उजाडला तेव्हा लॉज ग्रास गावापासून डोंगराच्या पायथ्यापर्यंत एकाही झुडपावर काळा मणी नव्हता. लोक हळहळले आणि यंदा नाही तर नाही म्हणून कामाला लागले. आडेलीनला तसं म्हणून चालणार नव्हतं.

तिची मुलगी कार्लीन आदल्या सप्टेंबरात मूत्रपिंडाच्या दुखण्याने गेली. या सप्टेंबरात तिचं वर्षाचं जेवण घालायचं होतं. आमच्या अप्सालूका लोकांत (आम्ही इथले मूळचे, बाहेरचे आम्हाला क्रो म्हणतात) त्या जेवणाला मेलेल्या माणसाच्या बापाच्या कुळातल्यांना बसवून वाढतात. मांस असतं, तळलेली भाकरी असते, पण प्रार्थना म्हटली जाते ती चेरीच्या लापशीवर. ती खाल्ली गेली की दुखवटा संपतो. कापलेले केस पुन्हा वाढू द्यायचे, पुन्हा नाचाच्या रिंगणात जायचं. आडेलीनने दोन्ही वेण्या कापल्या होत्या, आणि केस खांद्याला लागले की ती पुन्हा कात्री घेत असे.

लापशीला वड्या लागतात. चेरी बियांसकट दगडी हातोड्याने कुटायची, हातावर थापून वड्या करायच्या आणि कापडावर उन्हात खडखडीत वाळवायच्या. बियांत विष असतं, ते वाळवण्याने आणि शिजवण्याने उतरतं. आडेलीनकडच्या साठवणीतल्या वड्या कार्लीनच्या मयताच्या जेवणात संपल्या होत्या.

"मावशी, शेरिडनच्या दुकानात चेरीचा पाक बाटलीत मिळतो," तिच्या चुलत बहिणीचा मुलगा क्लेमंट म्हणाला. "गोरे लोक धिरड्यांवर ओततात. लापशीत घाल. कोणाला कळतंय?"

"तुझ्या जेवणाला घालीन तो," आडेलीन म्हणाली.

"माझ्या जेवणाला लोक येणार का, ते आधी बघ."

ती हसली नाही. क्लेमंटनेही मग पाकाचा विषय सोडला. कारण चेरी कुठे आहे ते दोघांनाही माहीत होतं.

सॉरेल ओढ्याच्या वर कार्लीन आणि तिचा नवरा हारलन यांचं घर आहे. घरामागे पाटाच्या कडेने चेरीची एक लांब रांग आहे. ती कार्लीनने लावलेली. लग्नानंतरच्या पहिल्या शरदात तिने डोंगरातल्या एका झुडपाची फळं आणली होती. त्या झुडपाची चेरी तोंड आवळून टाकणारी नव्हती, थोडी गोडीला होती. तिने गर धुऊन बिया काढल्या, ओल्या वाळूत घालून डबा घराच्या उत्तरेकडच्या भिंतीशी हिवाळाभर बर्फात ठेवला. थंडी खाल्ल्याशिवाय ती बी फुटत नाही. वसंतात पेरल्या त्यातल्या निम्म्या उंदरांनी नेल्या. उरलेल्या रोपांना तिने हरणांपासून जाळी लावली, आणि घोडे त्या बाजूला कधी फिरकू दिले नाहीत, कारण चेरीचा सुकलेला पाला खाऊन घोडा मरतो. बऱ्याच वर्षांनी पहिली फुलं आली. मुळांतून नवे फुटवे आले, रांगेतल्या मोकळ्या जागा भरल्या. उतार उत्तरेकडचा असल्यामुळे तिथे सगळंच उशिरा फुलतं. मेमधलं हिव पडलं तेव्हा त्या झाडांच्या कळ्या अजून मिटलेल्या होत्या. त्यामुळे त्या वर्षी सगळ्या खोऱ्यात चेरी होती ती त्या एका रांगेत.

पण ती आता हारलनची नव्हती.

मयतानंतर मेलेल्या माणसाचं सगळं वाटून टाकायचं असतं. घरात वस्तू राहिल्या तर गेलेल्याचा पाय निघत नाही, असं मानतात. हारलनने खोगीर दिलं, शाली दिल्या, मण्यांचं काम केलेला पट्टा दिला, शिवणयंत्र दिलं. देणारा स्वतः बोलत नाही. त्याच्या वतीने एकजण मोठ्याने पुकारतो. शेवटी, पटांगणात काही उरलं नव्हतं तेव्हा हारलन पुकाऱ्याच्या कानाला लागला आणि पुकारा झाला : "घरामागची चेरी, कार्लीनची आत्या रोझेला हिला."

लोकांनी माना हलवल्या. काही म्हाताऱ्यांनी एकमेकांकडे पाहिलं. घोडे देतात, घोंगड्या देतात. जमिनीत रुजलेलं कोणी कधी दिलं नव्हतं. पण पुकारा झाला होता, आणि दिलेली वस्तू परत मागता येत नाही.

आडेलीन बायकांच्या मागे, शाल डोक्यावरून ओढून उभी होती. तिने त्याचा एकच अर्थ लावला : याला माझ्या मुलीची एकही खूण नको आहे.

ती त्याला विचारू शकत नव्हती. आमच्याकडे सासू-जावई एकमेकांशी बोलत नाहीत आणि एकमेकांकडे पाहत नाहीत. यात राग नसतो, मान असतो. हल्लीच्या पुष्कळ घरांनी ही रीत सोडली आहे. या दोघांनी सोडली नव्हती. कार्लीन होती तोवर काही अडत नव्हतं. "आई म्हणते, पाटाचं पाणी कमी कर," "हारलन म्हणतो, गाय व्यायली," असा सगळा संसार तिच्या तोंडून चालत असे. आडेलीनची गाडी दिसली की हारलन मागच्या दाराने गोठ्याकडे जायचा. बायको वारली की सासूला ही रीत मोडता येते. चारचौघांत जावयाला काहीतरी द्यायचं आणि मुलगा म्हणून हाक मारायची. आडेलीनने वर्षभरात तसं केलं नव्हतं. का नाही, हे तिला कोणी विचारलं नाही.

ऑगस्टच्या मध्यावर हारलनच्या घरी जाऊन आलेला क्लेमंट आडेलीनच्या अंगणात उभा राहिला. हारलनचे आणि क्लेमंटचे वडील एकाच कुळातले. अशा दोघांनी एकमेकांची चारचौघांत टर उडवायची आणि ऐकणाऱ्याने रागवायचं नाही, असा आमचा नियम आहे. क्लेमंट तो नियम मनापासून पाळतो.

"तुझा जावई वेडा झालाय, मावशी. खुर्ची टाकून रांगेजवळ बसलेला असतो. हातात भांडं आणि पळी. पाखरं आली की वाजवतो. मी म्हटलं, अरे, तुझं हे थोबाड नुसतं वर केलंस तरी पाखरं वायोमिंगपर्यंत पळतील, पळी कशाला?"

"चेरी कशी आहे?"

"काळी पडायला लागलीय. खालचे घोस अजून लाल."

"त्याने खाल्ली?"

"एकही नाही. मी एक तोडली तर पळी मारली हातावर. म्हणे, ती रोझेलाची आहे." त्याने मनगट पुढे केलं. "त्याला ठाऊक आहे तुला कशाला हवी आहे ते. पण दिलेलं परत कसं मागणार? मी जाऊन सांगू का रोझेलाला?"

"नाही. जिला वाढायचं तिच्याकडेच शिधा मागायचा? तोंड कुठे लपवू मी?"

"तोही हेच म्हणाला. शब्दसुद्धा हेच. तुम्ही दोघं बोलत नाही म्हणता, मग ठरवता कधी?"

आडेलीनने त्याला हाकलून दिलं. पण दुसऱ्या दिवशी तीच त्याच्या घरी आली आणि म्हणाली, "प्रायरला जायचंय. रोझेलाला बघून येऊ. काही मागायचं नाहीये. नणंद आहे, कंबर मोडून पडलीये, बघायला नको?"

रोझेला खिडकीशी खुर्चीत बसलेली होती. आडेलीनला पाहून तिने डोळे बारीक केले.

"ये वहिनी. केस कापल्यापासून अगदी माझ्या भावासारखी दिसायला लागलीस. तोही असाच विस्कटलेला असायचा. त्याच्यावर कशी भाळलीस, मला अजून कळलेलं नाही."

"उंच होता," आडेलीन म्हणाली.

"तेवढंच काय ते."

मग दोघी बोलत बसल्या. गवताचं बोलणं झालं, पाण्याचं झालं, कोणाच्या नातीला बाळ झालं ते झालं. आडेलीनने चेरीचा शब्द काढला नाही. क्लेमंटने काढायला तोंड उघडलं तेव्हा तिने त्याच्या पायावर पाय दिला. कॉफी संपली. आडेलीन उठली, शाल नीट केली.

"वहिनी," रोझेला म्हणाली, "माझी चेरी पिकली का गं?"

आडेलीन उभीच राहिली. "पिकली असेल."

"मग कोणी आणून का देत नाही? माझी कंबर मोडलीये, तोंड शाबूत आहे. गेल्या वर्षी पुकारून दिली, आणि अजून एक दाणा माझ्या घरात आलेला नाही. असं देणं असतं का?"

"हारलनला वाटलं असेल, तू माणसं पाठवशील," क्लेमंट म्हणाला.

"माझ्याकडे कुठली माणसं? शनिवारी मला तिकडे घेऊन चल. तोडायला दोघं बस आहेत. ही एक, आणि तो एक. तोडणाऱ्याचा अर्धा वाटा, जुनी पद्धत आहे."

"अशी पद्धत कधी होती?" क्लेमंटने विचारलं.

"शनिवारपासून."

आडेलीनचा चेहरा उतरला. "तो आणि मी? एका रांगेला?"

"रांगेला दोन बाजू असतात," रोझेला म्हणाली. "आणि मधे मी आहे. कार्लीनइतकी गोड बोलणारी नाही, पण मोठ्याने बोलते."

"मी पण तोडतो," क्लेमंट म्हणाला.

"तू खातोस. तू पाणी आण."

शनिवारी ऊन चांगलं होतं. रोझेलाला पिकअपच्या मागच्या फळीवर उशा लावून बसवलं, रांगेच्या मध्यावर. आडेलीन पाटाच्या बाजूने, हारलन घराच्या बाजूने. झुडपं माणसापेक्षा उंच आणि दाट होती, तरी पानांतून पलीकडची हालचाल दिसत होती. हारलनने टोपीची कड भुवयांपर्यंत ओढली होती आणि नजर स्वतःच्या बादलीवर ठेवली होती. हात तेवढे वर जात, चाचपत, घोस ओरबाडून खाली येत. पाहून तोडायचं तर समोर पाहावं लागलं असतं, आणि समोर ती होती.

"रोझेला," आडेलीन म्हणाली, "त्याला सांग, लालसर घोस सोडायचे. काळे, आणि बोटाने सहज सुटतात तेच."

"ऐकलंस का रे?"

"ऐकलं म्हणावं."

"ऐकलं म्हणतोय," क्लेमंट ओरडला. "जन्मभर मी काही झालो नाही, आज टेलिफोनची तार झालो."

दुपारपर्यंत असंच चाललं. बादल्या भरून फळीशी येत होत्या. रोझेला प्रत्येक बादलीत हात घालून बघत होती, जिभेवर एक ठेवून तोंड वाकडं करत होती आणि आपलीच चेरी आपल्याला आवडत नसल्याचं मोठ्याने सांगत होती. मग उन्हाने तिचा डोळा लागला. हनुवटी छातीवर आली. क्लेमंट पाण्याचे डबे घेऊन विहिरीकडे गेला होता.

दोघं रांगेच्या शेवटाला पोचली होती. तिथे पूर्वीच्या मालकाने वाऱ्याला आडोसा म्हणून लावलेली काटेरी झाडं आहेत. त्यांनाही काळी फळं येतात, त्याच सुमाराला, त्याच आकाराची. पण चेरीचा घोस देठावरून खाली लोंबतो आणि ही फळं फांदीलाच चिकटून गुच्छाने बसतात. पानाची धार निराळी, फांदीच्या टोकाला काटा, आणि फळ फोडलं तर एका बीऐवजी आत तीन-चार. खाणाऱ्याचं पोट दोन दिवस वाहतं. म्हाताऱ्या माणसाला ते झेपत नाही. कार्लीन दर वर्षी त्या झाडांच्या रांगेत घुसलेल्या फांद्या छाटायची. या वर्षी छाटणारं कोणी नव्हतं. एक जाड फांदी चेरीच्या दोन झुडपांमधून आरपार आली होती आणि फळांनी लदली होती.

हारलनचा हात चाचपत त्या फांदीवर आला. आडेलीनला पानांतून तो हात दिसला. मूठभर फळं बादलीत पडली. काटा लागला असावा. हात मागे झाला, आणि पुन्हा तिथेच आला.

आडेलीनने रोझेलाला हाक मारली. रोझेला हलली नाही. आडेलीनने क्लेमंटला हाक मारली. तो विहिरीवर होता. मग ती खाकरली आणि आपली बादली पायाने ठोकली.

हारलनला त्यातून एकच कळलं, की सासू अगदी समोर आहे. त्याने मान आणखी खाली घातली, पाठ अर्धी फिरवली आणि लवकर बाजूला होता यावं म्हणून दोन्ही हातांनी भराभर तोडू लागला.

ती थोडा वेळ बघत राहिली. दुसरी मूठ पडली, तिसरी पडली.

"अरे, ते नको," ती म्हणाली.

हात थांबले.

"ते काट्याचं आहे. आत्याबाईंना मारशील. डावीकडे सरक."

हारलन जिथे होता तिथेच, पाठ करून उभा राहिला. लग्न झाल्यापासून तिचा आवाज त्याने भिंतीपलीकडून ऐकला होता, स्वतःला उद्देशून कधी नाही. मग त्याने बादली उचलली आणि गवतात उपडी करायला वाकला.

"सगळी ओतू नकोस," ती म्हणाली. "वरवरची तेवढी घाण आहे. खालची चांगली आहेत. थांब, मी येते."

ती रांगेला वळसा घालून आली. पिकअपमधलं ताडपत्रीचं फडकं तिने गवतावर पसरलं. दोघं समोरासमोर बसली, मधे बादली ओतलेली. हारलनने टोपी काढली नाही. प्रत्येक संशयाचं फळ नखाने फोडायचं. एक बी निघाली तर बादलीत, जास्त निघाल्या तर मागे फेकायचं. बोटं जांभळी झाली.

"ही झाडं का दिलीस?" आडेलीनने विचारलं. ती फळांकडेच पाहत होती.

त्याने एक फळ फोडलं, फेकलं.

"घरात काही राहिलं तर तिला जाता येणार नाही, असं सगळे म्हणत होते. मी सगळं बाहेर काढलं. मग मागच्या खिडकीतून बघितलं तर ही उभी. मला वाटलं, हीच मी धरून ठेवीन. रोज बघत बसेन." तो थांबला. "तुम्हाला लागेल हे सुचलं नाही. वड्या तुमच्याकडे असायच्याच नेहमी."

"मला वाटलं, तुला तिची आठवण नकोय."

त्याच्या हातातलं फळ तसंच राहिलं.

"वर्षभर मला असंच वाटत होतं," ती म्हणाली. "विचारता आलं असतं. मी विचारलं नाही."

क्लेमंट पाण्याचे डबे घेऊन कोपऱ्यावरून वळला, आणि दोघांना एका फडक्यावर बसलेलं पाहून थबकला. त्याने डबे खाली ठेवले, तो फडक्याच्या तिसऱ्या बाजूला बसला आणि निवडू लागला. हारलनने त्याच्या हाताकडे पाहिलं.

"खाऊ नकोस," तो म्हणाला.

"खात नाही रे बाबा."

आडेलीनने तोडणाऱ्यांचा अर्धा वाटा घरी नेला. वड्या वाळायला ऊन पुरलं.

सप्टेंबरात जेवण झालं. सुरुवातीलाच आडेलीनने पुकाऱ्याला बाजूला घेतलं आणि त्याने पुकारलं, की या बाईने शेतात जावयाशी आधीच बोलून घेतलं आहे, रीतीप्रमाणे आधी द्यायचं ते राहिलं होतं, म्हणून ती आज सर्वांसमोर त्याला घोंगडी देते आहे आणि आजपासून तो तिचा मुलगा आहे. मागच्या बाकांवर जरा कुजबुज झाली; उलटा क्रम काही म्हाताऱ्यांना रुचला नाही. घोंगडी हारलनच्या खांद्यावर घातली गेली. उन्हाचा तडाखा होता, तरी त्याने ती काढली नाही.

मग बापाच्या कुळातली माणसं ओळीने बसली. लापशी पुढे आली. रोझेलाने वाटी हातात धरून कार्लीनसाठी प्रार्थना म्हटली, नंतर मागे राहिलेल्यांसाठी म्हटली, आणि पहिला घास खाल्ला. थोडी तुरट आहे, म्हणाली, आणि वाटी पुन्हा पुढे केली.

आडेलीन वाढत होती. हारलन पातेलं धरून तिच्या मागून चालला होता. ओळ संपायच्या आधी ती थांबली आणि पातेल्यात डोकावली.

"पुरेल का?" तिने विचारलं.

"पुरेल," तो म्हणाला.